स्टायलिडियम (ट्रिगर प्लांट) : उष्णकटिबंधीय वर्षायू जाती

उत्तर ऑस्ट्रेलियात ओढ्याकाठच्या वालुकामय जमिनीत वाढणाऱ्या, एका हंगामात जीवनक्रम पूर्ण करणाऱ्या लहान रानफुलांचा गट. कुल स्टायलिडिएसी. स्टायलिडियम या प्रजातीच्या (जीनसच्या) बहुतेक जाती ऑस्ट्रेलियातल्या. त्यांतही नैर्ऋत्येकडे बहुवर्षायू जाती जास्त, तर किंबर्ली आणि आर्न्हेम लँडच्या उष्ण पट्ट्यात वर्षायू अधिक. थोड्या जाती दक्षिण व आग्नेय आशियातही सापडतात.

पावसाळा सरत आला, की ओल टिकून असलेल्या वाळूत, मेलाल्यूकाच्या झाडांखाली ही रोपे फुलू लागतात. दांडा बहुधा वीतभर उंचीचा, तोही दोऱ्यासारखा बारीक. गवतात सहज नजरेतून सुटतो. फुलाला पाकळ्या पाच. चार ठळक दिसतात, पाचवी अगदी लहान असते.

फुलाचे खरे वैशिष्ट्य मात्र मधल्या स्तंभात आहे. दोन पुंकेसर आणि कुक्षिवृंत एकत्र जुळून हा स्तंभ बनतो व एका बाजूला वाकून राहतो. मधासाठी माशी फुलावर टेकली, की स्तंभाच्या बाकातील पेशींमधला पाण्याचा दाब एकदम बदलतो आणि स्तंभ सुमारे 15 मिलिसेकंदांत उसळून तिच्या अंगावर आपटतो. गवताच्या काडीने स्पर्श केला तरी हे घडते. काही मिनिटांनी स्तंभ पुन्हा जागेवर येतो. परागकोश आधी पिकतात, कुक्षी नंतर. त्यामुळे एकच स्तंभ सुरुवातीला पराग देतो आणि पुढे घेतो. वेगाचे कौतुक सगळेच करतात, पण त्याहून विलक्षण आहे त्याचा नेम. एकाच ओढ्याकाठी अनेक जाती फुलल्या, तरी कुणाचा पराग माशीच्या पाठीवर पडतो, कुणाचा पोटाखाली. त्यामुळे संकर कमी होतो.

ओलोफ स्वार्ट्झ यांनी दिलेले प्रजातीनाम 1805 मध्ये प्रसिद्ध झाले. उत्तरेकडच्या काही जातींचे वर्णन रॉबर्ट ब्राऊन यांनी 1810 मध्ये केले. पुढे 1990 च्या दशकात ॲलन लाऊरी व केविन केनिअली यांनी त्यात मोठी भर घातली.

शेजारी ड्रॉसेरा आणि युट्रिक्युलॅरिया या कीटकभक्षक वनस्पती हमखास असतात. याच प्रजातींतील दवबिंदू आणि सीतेची आसवे कोकणच्या सड्यांवर पावसाळ्यात दिसतात. दोन्हीकडे जमीन ओली, पण निकस. स्टायलिडियमच्या दांड्यावरील चिकट केसांतही चिलटे अडकून मरतात. काही जातींमध्ये प्रथिने पचवणारी विकरे आढळली आहेत, तरी तिला पूर्ण कीटकभक्षक मानावे का, यावर वनस्पतिशास्त्रज्ञांचे एकमत नाही.