यांचो, मिक्लोश

(२७ सप्टेंबर १९२१ – ३१ जानेवारी २०१४). हंगेरियन चित्रपट दिग्दर्शक. जन्म वाट्स येथे. कायद्याची पदवी घेतली, पण वकिली केली नाही. १९५० मध्ये बुडापेस्टच्या नाट्य-चित्रपट अकादमीतून बाहेर पडून काही वर्षे वार्तापट व अनुबोधपट केले. पहिला कथापट १९५८ चा. त्यात पुढच्या यांचोची फारशी चाहूल लागत नाही.

‘द राउंड-अप’ (१९६६) ने त्यांचे नाव झाले. हंगेरीतील १८४८ च्या हॅब्सबर्ग सत्तेविरुद्धच्या उठावातील उरलेसुरले बंडखोर हुडकण्यासाठी माळरानावर कैद्यांची छावणी उभारली आहे. तुझ्याहून जास्त खून केलेला माणूस दाखव, तर फाशी टळेल, असे एका कैद्याला सांगितले जाते आणि तो खबऱ्या बनतो. प्रेक्षकांना यात १९५६ च्या सोव्हिएत वर्चस्वाविरुद्धच्या उठावानंतरची दडपशाही दिसली. ‘द रेड अँड द व्हाइट’ (१९६७) हा रशियातील १९१७ च्या ऑक्टोबर क्रांतीच्या पन्नाशीनिमित्त सोव्हिएत सहकार्याने केलेला. त्यात वीरनायकच नसल्याने तो मॉस्कोला रुचला नाही.

यांचोंची ओळख म्हणजे दीर्घ शॉट, म्हणजे मध्ये न तोडता सलग केलेले लांबलचक चित्रण. ‘एलेक्ट्रा, माय लव्ह’ (१९७४) सुमारे ७० मिनिटांचा, शॉट अवघे बारा. ३५ मिमी फिल्मचे ३०० मीटरचे रीळ सुमारे ११ मिनिटांत संपते, त्यामुळे शॉटची कमाल लांबी तिथेच ठरते. कॅमेरा रुळांवरून सरकतो, त्याच वेळी झूमही चालू असतो; घोडेस्वार, नाचणारे, सैनिक त्याभोवती फेर धरतात. झूम लांबवला की फोकसची खोली (चित्र स्पष्ट दिसते तेवढे अंतर) आक्रसते, म्हणून नट हातभर चुकीच्या जागी थांबला तरी चेहरा धूसर होतो, आणि नवव्या मिनिटाला एखादा घोडा बिथरला तर सगळा शॉट पुन्हा पहिल्यापासून. संवाद मागाहून ध्वनिमुद्रित होत असल्याने शॉट चालू असतानाच यांचो मोठ्याने सूचना देऊ शकत. पटकथाकार ड्युला हेर्नादी आणि छायालेखक यानोश केंडे यांच्याशिवाय ही पद्धत जमली नसती.

कान महोत्सवात दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळवणाऱ्या ‘रेड साम’ (१९७२) मध्ये मुलीच्या तळहाताला गोळी लागते आणि जखमेच्या जागी लाल फीत उमटते. मात्र पुढे नग्नता, गाणी, मेणबत्त्या यांचा साचा झाला. सत्तरच्या दशकाच्या अखेरच्या चित्रपटांत तो जाणवतो. १९९९ पासून त्यांनी कापा आणि पेपे या जोडगोळीचे स्वस्तातले, वात्रट विनोदपट काढले. हंगेरीतली तरुण पिढी त्यांना ओळखू लागली ती यांतूनच.