चौथाई

चौथाई : मराठ्यांनी स्वराज्याबाहेरच्या मुलखावर सांगितलेला, वसुलाच्या चौथ्या हिश्श्याचा हक्क. ‘चौथ’ असेही म्हणतात. जोडीची सरदेशमुखी (शेकडा 10) छत्रपतींचे वतन मानली जाई. दोन्ही एक समजणे चूक.

हा हक्क मराठ्यांच्या आधीचा आहे. रामनगरचा कोळी राजा दमणच्या पोर्तुगीजांकडून असा हिस्सा घेई. पोर्तुगीज कागदांत त्या राजाला ‘चौथिया’ म्हटले आहे. ही वहिवाट बहुधा सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धातील असावी. 1672 मध्ये मराठ्यांनी रामनगर घेतल्यावर त्या राजाचा हक्क म्हणून शिवाजी महाराजांनी दमणकरांकडे चौथ मागितली. न्या. रानडे यांनी चौथाईला परचक्रापासून रक्षणाचा मोबदला मानून तिची तुलना वेलस्लीच्या तैनाती फौजेशी केली. जदुनाथ सरकारांच्या मते तिने फक्त मराठी फौजेचा उपद्रव टळे. मराठ्यांना दख्खनच्या चौथाईचा हक्क देणाऱ्या 1719 च्या मोगल बादशाही सनदेत 15,000 स्वार चाकरीस ठेवण्याची अट आहे, त्यामुळे दख्खनपुरते रानडे यांचे मत टिकते. बंगालला ते लावणे अवघड. पोर्तुगीज साधने धुंडाळणाऱ्या सुरेंद्रनाथ सेन यांचा लष्करी खंडणीचा अर्थ अधिक सयुक्तिक वाटतो.

ही सनद बाळाजी विश्वनाथाने दिल्लीहून आणली. दख्खनच्या सहा मोगल सुभ्यांचा (प्रांतांचा) वार्षिक वसुलाचा आकार कागदोपत्री सुमारे 18 कोटी रुपये होता. शाहू छत्रपतींच्या साताऱ्यातून झालेल्या वाटणीत चौथाईच्या दर 100 रुपयांतील 25 राजबाबती म्हणून छत्रपतींकडे, 6 साहोत्रा म्हणून पंत सचिव या प्रधानाकडे जात. 3 नाडगौडा छत्रपतींच्या मर्जीने दिला जाई. उरलेले 66 मोकासा म्हणून सरदारांना, फौजेच्या खर्चासाठी. खरी मेख हिशेबात होती. मागणी जुन्या तनख्यावर (ठरलेल्या सारा-आकारणीवर), मुलूख मात्र उजाड. म्हणून बाकी कधीच फिटत नसे आणि स्वारीला निमित्त उरे. निजामाच्या मुलखात त्याचा अंमलदार आणि मराठ्यांचा कमाविसदार (वसुली अधिकारी) एकाच गावावर वसूल मागत (दुअमल). शाहू आणि कोल्हापूरचे संभाजी यांच्यात खरा हक्कदार कोण, असा वाद काढून निजामाने चौथ अडवली. पालखेडला निजामाचा पराभव झाल्यावर, मुंगी-शेवगावच्या तहाने (1728) शाहूंचा हक्क मान्य झाला.

दख्खनबाहेर गुजरात, माळवा आणि बंगालपर्यंत मागणी पोचली. नागपूरकर भोसल्यांच्या धास्तीने इंग्रजांनी 1742 मध्ये कलकत्त्याभोवती खंदक खणायला घेतला. तो पुरा झाला नाही. 1751 मध्ये बंगालचा नवाब अलिवर्दीखान याने सालाना 12 लाख रुपये चौथ कबूल केली.