रोजगार हमीचा दर: एका मजुरीच्या आकड्याचा इतिहास

महाराष्ट्रातल्या बहुतेक पगारदारांच्या पगारपत्रकात ‘व्यवसाय कर’ अशी एक ओळ असते. दरमहा २०० रुपये, फेब्रुवारीत ३०० आणि वर्षाकाठी २,५०० रुपये. हा कर १९७५ साली लागू झाला तो एका ठरावीक कामासाठी. खेड्यात काम मागायला येणाऱ्या माणसाला काम देता यावे म्हणून शहरातल्या पगारदारांकडून पैसा उभा करायचा होता. त्या वेळी मोटार वाहने, विक्रीकर आणि बागायती जमीन यांच्यावरही याच कारणासाठी जादा आकारणी झाली आणि जमलेल्या रकमेइतकीच रक्कम राज्य सरकारने आपल्या तिजोरीतून घालायची, असे ठरले. रोजगार हमी योजनेचा हा पाया होता.

या योजनेबद्दल आपण बहुधा दोनच प्रकारे बोलतो. एक म्हणजे गरिबांना दिलेली मदत, दुसरे म्हणजे खोटी हजेरीपत्रके आणि अर्धवट सोडलेले पाझर तलाव. दोन्हींत तथ्य आहे. पण श्रमाच्या बाजाराचा अभ्यास करू पाहणाऱ्याने या योजनेकडे वेगळ्या नजरेने पाहायला हवे, असे मला ठामपणे वाटते. गावात मजुरीचा दर कसा ठरतो, तो कुणाच्या हातात असतो आणि सरकारने एक दर जाहीर केला की शेजारच्या शेतातल्या दराचे काय होते, हे प्रश्न भारतात जितक्या उघडपणे या योजनेत विचारले गेले तितके क्वचितच कुठे विचारले गेले असतील. त्यांची सुरुवात मात्र योजना सुरू झाली त्या १९७२ च्या बरीच आधी होते.

१८७६ ते ७८ या काळात दख्खनमध्ये मोठा दुष्काळ पडला. मुंबई इलाख्याच्या सरकारने रस्ते, तलाव अशी सार्वजनिक कामे काढली आणि लोक हजारोंनी त्यांवर आले. जानेवारी १८७७ मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड लिटन यांनी सर रिचर्ड टेम्पल यांना खर्चावर लक्ष ठेवण्यासाठी पाठवले. टेम्पल यांनी पुरुष मजुराचा रोज एक पौंड, म्हणजे साडेचारशे ग्रॅमच्या आसपास धान्य आणि वर एक आणा, इतका खाली आणला. दिवसभर खडी फोडणाऱ्या माणसाला एवढ्यावर जगायचे होते. घरापासून दूरच्या कामावर जायची तयारी असेल तोच खरा गरजू, असेही त्या काळच्या अधिकाऱ्यांचे गणित होते. दर कमी ठेवला आणि अंतर वाढवले की ज्याला गरज नाही तो आपोआप घरी थांबेल, असा त्यामागचा विचार.

दख्खनमधल्या मजुरांनी हे मान्य केले नाही. हजारो लोक कामे सोडून निघून गेले. एका अर्थी तो संपच होता, आणि तो दुष्काळात उपाशी पोटी केलेला. पुण्याच्या ‘सार्वजनिक सभा’ या संस्थेने त्यांची बाजू उचलली, गावोगावची माहिती गोळा केली आणि सरकारकडे अर्ज धाडले. मला हा प्रसंग फार महत्त्वाचा वाटतो. ‘याहून कमी दिलेत तर येणार नाही’ असा प्रत्येक मजुराच्या मनात एक आकडा असतो, हे श्रमाच्या अर्थशास्त्रातले अगदी पहिले तत्त्व. तो आकडा शून्याच्या जवळ असतो असे टेम्पल यांनी धरले होते. तसे नसते, हे मजुरांनी दाखवून दिले.

पुढे १८८० साली दुष्काळ आयोगाचा अहवाल आला आणि त्यातून दुष्काळ संहिता तयार झाल्या. दुष्काळ जाहीर कधी करायचा, कामे कशी काढायची, मोजमाप कसे घ्यायचे, सगळे लिहून ठेवले गेले. स्वातंत्र्यानंतरही महसूल खात्याचे काम बरेचसे याच चौकटीत चालत राहिले. काम मात्र सरकारच्या मर्जीवर होते. दुष्काळ जाहीर झाला तरच काम, एरवी नाही.

एरवीचा बाजार कसा होता? कोरडवाहू गावात पेरणी, खुरपणी आणि काढणी या तीन हंगामांत माणूस मिळत नाही. सुगी संपली की जानेवारी-फेब्रुवारीपासून मृग लागेपर्यंत तोच माणूस काम मागत फिरतो. गावात काम देऊ शकणारी घरे मोजकी. अशा वेळी दर ठरतो तो मजूर किती काम करतो यावरून नव्हे, तर त्याच्यापुढे दुसरा कुठला पर्याय आहे यावरून. त्या मोजक्या घरांना एकत्र बसून दर पाडण्याची गरजही नसते, कारण मजुराला दुसरीकडे जाण्याचा खर्च परवडत नाही. वर्षाचे बोलून राहणारा सालगडी याच व्यवस्थेचा भाग. त्याचा करार पाडव्याला होई. रोजंदाराच्या मानाने त्याला वर्षभराची शाश्वती होती, पण त्या शाश्वतीची किंमत त्याला कमी दरात आणि वेळेचे बंधन नसलेल्या कामात मोजावी लागे. शहाद्याच्या परिसरात आदिवासी सालदारांच्या प्रश्नावर १९७२ च्या सुमारास श्रमिक संघटना उभी राहिली ती याच कारणाने.

अशा परिस्थितीत वि. स. पागे यांचे नाव पुढे येते. सांगली जिल्ह्यातल्या तासगाव तालुक्यातले हे गांधीवादी कार्यकर्ते पुढे विधान परिषदेचे सभापती झाले. १९६० च्या दशकाच्या मध्यावर त्यांनी विसापूरच्या परिसरात एक प्रयोग केला: गावातल्या ज्या हातांना काम नाही त्यांना जमीन, पाणी आणि शेतीच्या विकासाच्या कामांवर लावायचे. काम मागणाऱ्याला काम मिळालेच पाहिजे, हा त्यांचा आग्रह. मुख्यमंत्री वसंतराव नाईक यांनी ही कल्पना राज्याच्या पातळीवर उचलली. त्याच सुमारास, १९७१ साली, पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेतले वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांनी भारतातल्या दारिद्र्यावरचा आपला अभ्यास प्रसिद्ध केला. नुसती आर्थिक वाढ गरिबांपर्यंत पोचायला फार वेळ घेईल आणि ग्रामीण सार्वजनिक कामे हाच जवळचा मार्ग आहे, असे त्यांनी मांडले. एकाच विचाराकडे एक कार्यकर्ता आणि दोन अर्थतज्ज्ञ आपापल्या वाटेने आले होते.

१ मे १९७२ रोजी योजना सुरू झाली आणि लगेच बाजूलाही ठेवावी लागली, कारण दुष्काळ दारात उभा होता. ७२ चा दुष्काळ अजूनही मराठवाडा, नगर, सोलापूरकडची म्हातारी माणसे वर्ष मोजायला वापरतात. कामावर वाटली जाणारी सुकडी, लाल मिलो ही परदेशी ज्वारी, खडी फोडून सोललेले हात या त्यांच्या आठवणी. १९७३ च्या उन्हाळ्यात राज्यातल्या दुष्काळी कामांवर जवळपास ५० लाख माणसे होती. जगभरच्या दुष्काळ अभ्यासकांनी याची दखल घेतली, कारण पिके इतकी बुडूनही भूकबळींचे प्रमाण तितके वाढले नाही. धान्य नव्हते त्याहून अधिक, धान्य विकत घेण्याइतकी मजुरी नव्हती. ती मजुरी कामांतून हातात आली आणि धान्य तिच्यामागे आले.

इतक्या माणसांना काम देण्याचा अनुभव प्रशासनाच्या गाठीशी होता, म्हणून हमीचा कायदा करण्याचे धाडस झाले. १९७७ मध्ये विधिमंडळाने रोजगार हमी कायदा मंजूर केला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. ग्रामीण भागातल्या १८ वर्षांवरच्या कुणीही नाव नोंदवून काम मागावे, १५ दिवसांत काम द्यायचे, नाही दिले तर रोज किमान १ रुपया बेकारी भत्ता. एकूण खर्चातला ६० टक्के हिस्सा मजुरीवर जायला हवा. कामाचा प्रकार मजुराने निवडायचा नाही आणि आपल्याच गावाच्या शिवारात काम मिळेल असेही वचन नव्हते. दर कामाच्या मापावर ठरे. किती घनमीटर माती उचलली, किती खडी फोडली, यावर. मात्र साधारण माणसाने सात तास काम केले तर शेतमजुरीच्या किमान वेतनाइतकी मजुरी पडावी, अशा बेताने हे माप बांधलेले होते. शेतमजुरांचे किमान वेतन ठरवण्याच्या समितीचे अध्यक्षही पागेच होते, हा योगायोग नव्हे. टेम्पल यांनी खाली ओढलेला दर पागे यांनी कायद्याने बांधून टाकला.

पुरुष आणि स्त्री यांना एकाच मापाला एकच दर होता. शेतावर बाईला पुरुषापेक्षा कमी रोज देण्याची रीत सगळीकडे असताना सरकारी कामावर मात्र खणलेल्या मातीला बाईची आणि पुरुषाची अशी जात नव्हती. स्त्रिया मोठ्या संख्येने आल्या. कुमुदिनी दांडेकर आणि मंजू साठे यांनी १९७० च्या दशकाच्या अखेरीस या कामांची पाहणी केली. कामावर येणारे बहुसंख्य लोक खरोखरच दारिद्र्यरेषेखालचे होते, असे त्यात आढळले. कुणी यादी केली नाही, कुणी दाखला मागितला नाही, तरी योग्य माणसे आली. उन्हात माती वाहण्याचे काम आणि बेताचा दर, यांनीच निवड केली.

या मजुरीतून घराला खरी भर किती पडली, हा पुढचा प्रश्न. हमीच्या कामावर आलेला माणूस दुसरे एखादे काम सोडून आला असेल, तर ती सोडलेली कमाई वजा करायला हवी. हे मोजणे सोपे नाही, पण महाराष्ट्राच्या बाबतीत साधन हाताशी होते. कोरडवाहू शेतीवर संशोधन करणाऱ्या इक्रिसॅट या संस्थेने १९७५ पासून सोलापूर जिल्ह्यातले शिरापूर आणि अकोला जिल्ह्यातले कान्झरा अशा काही गावांत घरोघरी जाऊन वर्षानुवर्षे नोंदी ठेवल्या होत्या: कोण कुठल्या दिवशी काय करत होते, किती कमावत होते. गौरव दत्त आणि मार्टिन रॅव्हेलियन या अर्थतज्ज्ञांनी त्या वापरून हिशेब मांडला. सोडलेली कमाई हमीच्या मजुरीच्या सरासरी पाव हिश्श्याच्या आसपास निघाली. म्हणजे बाकीचा बराचसा पैसा घराला नव्याने मिळाला होता. एरवी ते हात रिकामे होते. खेड्यात हंगामी बेकारी नसतेच, माणसे काहीतरी करतच असतात, असे म्हणणाऱ्यांना या दोन गावांच्या वह्यांनी उत्तर दिले.

मग जमीनदार शेतकऱ्यांनी या योजनेला विरोध का केला नाही? कायदा तर एकमताने झाला. रोनाल्ड हेरिंग आणि रेक्स एडवर्ड्स यांनी १९८३ मध्ये याचे एक उत्तर दिले, आणि ते मला पटते. मजूर उन्हाळ्यात मुंबईला निघून गेला की पेरणीला परत येईलच असे नाही. सरकारच्या पैशावर तो उन्हाळाभर गावाजवळ राहिला तर मोठ्या शेतकऱ्याचीच सोय. वर त्याच्या शिवारात बांधबंदिस्ती होणार, नालाबांध होणार, रस्ता येणार. शिवाय पैसा मुख्यतः शहरातून येत होता. दर जोपर्यंत गावच्या दराच्या आसपास होता तोपर्यंत सगळ्यांचे जमत होते.

१९८८ मध्ये हे समीकरण हलले. किमान वेतन सुधारले आणि हमीचा दर दिवसाला ६ रुपयांवरून १२ रुपयांच्या घरात गेला. दर दुप्पट झाला तर काम मागणारे वाढायला हवेत. प्रत्यक्षात कामांवरची उपस्थिती घसरली. रॅव्हेलियन, दत्त आणि शुभम चौधुरी यांनी १९९३ मध्ये या कोड्याचा अभ्यास केला. त्यांचा निष्कर्ष असा की काम मागणारे कमी झाले नव्हते, काम देणे कमी झाले होते. कामे लवकर सुरू करायची नाहीत, दूरची काढायची, अर्ज नोंदवायचेच नाहीत, अशा वाटांनी मागणी दाबली जाते आणि कागदावर हमी तशीच राहते. बेकारी भत्ता तर क्वचितच कुणाच्या हाती पडला. अर्थशास्त्राच्या वर्गात किमान वेतनावरचा वाद सहसा खासगी मालकाच्या संदर्भात शिकवला जातो. इथे मालक सरकारच होते, आणि दर वाढल्यावर त्यानेही मालकासारखेच हात आखडले. म्हणून दर कमी ठेवायला हवा होता, असा अर्थ काहीजण काढतात. मला तो मान्य नाही. सरकारने स्वतःच ठरवलेल्या किमान वेतनापेक्षा कमी दराने काम करून घ्यायचे, तर मग कायद्याला अर्थ काय? १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राजस्थानातल्या दुष्काळी कामांच्या खटल्यात हेच सांगितले होते. कमी पडला तो निधी, आणि अर्ज नोंदवून घेण्याची इच्छा.

नव्वदच्या दशकात हमीचा पैसा फळबागांकडे वळला. आपल्या जमिनीत आंबा, डाळिंब, बोर लावणाऱ्याला पूर्ण अनुदान मिळू लागले आणि राज्यात बागांचे क्षेत्र खूप वाढले. भूमिहीन मजुराचा वाटा त्यात अर्थातच कमी.

२००५ साली संसदेने राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायदा केला तेव्हा महाराष्ट्राचा अनुभव सतत समोर होता. फेब्रुवारी २००६ मध्ये २०० जिल्ह्यांपासून सुरुवात झाली आणि २००८ पर्यंत तो सगळ्या ग्रामीण जिल्ह्यांत पोचला. जिल्हे टप्प्याटप्प्याने आल्यामुळे अभ्यासकांना तुलना करता आली. क्लेमां अँबेर आणि जॉन पॅप यांना असे आढळले की आधी आलेल्या जिल्ह्यांत कोरड्या हंगामात खासगी मजुरीचे दर सुमारे पाच टक्क्यांनी वाढले. म्हणजे सरकारी कामावर एकही दिवस न गेलेल्या मजुराच्या रोजातही भर पडली. शेतकऱ्यांच्या ‘मजूर मिळत नाही’ या तक्रारीत आणि या आकड्यात एकच गोष्ट दिसते: मजुरापुढे पर्याय आला.

पण पर्याय वेळेवर यावा लागतो. बीड, पाथर्डी, जतकडची ऊसतोड कुटुंबे दरवर्षी दसरा-दिवाळीच्या सुमारास कारखान्यांकडे निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादम त्यांना हंगामाआधीच उचल देतो. त्या पैशातून दवाखाना, लग्न, जुने देणे निभावते आणि मग सहा महिने ती उचल फेडण्यासाठी ऊस तोडायचा. हमीच्या कामाची मजुरी काम झाल्यावर, मापे झाल्यावर, हजेरीपत्रक वरपर्यंत जाऊन आल्यावर मिळते, तीही बहुतेकदा उशिरा. गावात हमीचे काम असताना माणसे ऊसतोडीला का जातात, याचे उत्तर दराच्या तुलनेत शोधले तर हाती लागणार नाही. मुकादम जे देतो ते काम नव्हे, आगाऊ पैसा आहे, आणि १९७७ च्या कायद्यात किंवा २००५ च्या कायद्यात त्याला तोड नव्हती.