पार्श्वभूमी : ब्रिटिश टीव्हीवरचे छोट्या भूमिकांचे नट

१९५०-६०च्या दशकात ब्रिटिश टीव्हीवर छोट्या भूमिका करणाऱ्या नटांची बरीचशी कामं आज पाहायलाच मिळत नाहीत. याचा दोष बहुतेक वेळा कलाकारांच्या संघटनेवर टाकला जातो.

तेव्हा रविवारी रात्री नाटक स्टुडिओतून थेट प्रक्षेपित होई. गुरुवारी ते पुन्हा दाखवायचं, तर सगळा संच पुन्हा येऊन प्रयोग करी. डिसेंबर १९५४मधलं ‘नाइन्टीन एटी-फोर’ असंच दोनदा झालं. आज उरलाय तो गुरुवारचा प्रयोग. दोन वाक्यं असलेल्या नटालाही दोनदा काम मिळे.

मग व्हिडिओटेप आली. एकदा मुद्रित झालेलं हवं तितक्या वेळा दाखवता येणार, मग नवं काम कोण देणार? म्हणून संघटनेने पुनःप्रक्षेपणाला मुदत आणि मानधनाची अट घातली. या अटीमुळेच टेपा पुसल्या गेल्या, असं म्हणणारे आजही आहेत. मुदत उलटलेला भाग दाखवणं अवघड होई, हे खरं. पण दोन इंची टेप महाग होती आणि पुसून परत वापरता येत होती. रंगीत प्रक्षेपण आल्यावर कृष्णधवल भागांना गिऱ्हाईकही राहिलं नाही. संघटनेने फक्त कामाचा मोबदला मागितला. पुसण्याचा निर्णय प्रसारकांचा होता. ‘डिक्सन ऑफ डॉक ग्रीन’ या पोलीस मालिकेच्या ४३२ भागांपैकी जेमतेम तीसेक उरले. नायकाचं नाव तरी लोकांच्या लक्षात राहिलं; हवालदार, शेजारीण, भुरटा चोर रंगवणाऱ्यांचं कामच नाहीसं झालं.

या नटांवाचून किती अडतं, हे कलाकार संघटनेच्या १९६१-६२च्या संपात दिसलं. पाच महिने ‘कोरोनेशन स्ट्रीट’ ही मालिका दीर्घ करारावरच्या मोजक्या नटांवर रेटावी लागली.

पुढे पोलिसांवरची ‘द बिल’ (१९८४-२०१०), रुग्णालयांत घडणाऱ्या ‘कॅज्युअल्टी’ (१९८६पासून), ‘होल्बी सिटी’ (१९९९-२०२२) आणि बर्मिंगहॅममध्ये चित्रित होणारी ‘डॉक्टर्स’ (२०००-२०२४) यांनी अशा नटांना खरा आधार दिला. दर भागात नवा रुग्ण, नवा साक्षीदार, नवा आरोपी लागे. काही वर्षांपूर्वी आरोपी झालेला नट त्याच मालिकेत वकील म्हणून परते आणि कुणाला खटकत नसे. नाट्यशाळेतून बाहेर पडलेल्या अनेकांचं कॅमेऱ्यासमोरचं पहिलं काम इथलंच. यातल्या तीन मालिका आता बंद आहेत. ‘कॅज्युअल्टी’ही वर्षभर सलग न चालता टप्प्याटप्प्याने येते, त्यामुळे एका भागापुरत्या रुग्णांच्या भूमिकाही कमी झाल्या आहेत.