न्यायालयाचा आदेश न पाळणारे अधिकारी : अवमान कारवाईची पार्श्वभूमी

मनाईहुकूम सरकारवरही बंधनकारक असतो, हे सर्वोच्च न्यायालयाने बिहारमधील जमीनदारी निर्मूलनाच्या एका वादातच स्पष्ट केले होते. आदेश चुकीचा वाटला तर वरच्या न्यायालयात जावे, पण तो रद्द होईपर्यंत पाळावाच लागतो. पुढे १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्याने आदेश मोडण्याच्या शिक्षेची कमाल मर्यादा सहा महिने साधी कैद आणि दोन हजार रुपये दंड अशी ठरवली. दंडाचा आकडा आजही तोच आहे.

खरा प्रश्न राहिला तो शिक्षा कोणी भोगायची याचा. आदेश 'शासना'ला असतो, नोटीस सचिवाला जाते आणि सुनावणीपर्यंत सचिवाची बदली झालेली असते. नवा अधिकारी मुदत मागतो, बिनशर्त माफीचे प्रतिज्ञापत्र देतो आणि प्रकरण मिटते. नव्वदच्या दशकात या रीतीला पहिले तडे गेले. न्यायालयाला दिलेली हमी मोडल्याबद्दल १९९४ मध्ये उत्तर प्रदेशच्या माजी मुख्यमंत्र्यांना एक दिवसाची कैद झाली. १९९५ मध्ये कर्नाटकातील एका सनदी अधिकाऱ्याला एक महिन्याची झाली. महाराष्ट्राची पाळी २००६ मध्ये आली. वनसंरक्षणाच्या खटल्यातील आदेश डावलून आरा गिरण्यांना परवानगी दिल्याबद्दल तत्कालीन वनमंत्री आणि प्रधान सचिव या दोघांनाही एक महिना तुरुंगवास ठोठावण्यात आला. माफी स्वीकारली गेली नाही. मंत्र्यांचे खाते तोवर बदलले होते, तरी जबाबदारी सुटली नाही. या निकालाचे महत्त्व इथेच आहे.

याच्या उलट दिशेचा आणि आज सर्वाधिक वादाचा निकाल ३ जानेवारी २०२४ चा. निवृत्त न्यायमूर्तींच्या सुविधांविषयीचे नियम अधिसूचित करण्याचा आदेश अलाहाबाद उच्च न्यायालयाने दिला होता. तो मागे घ्यावा असा अर्ज उत्तर प्रदेश सरकारने केला. न्यायालयाने हा अर्जच अवमान मानला आणि एप्रिल २०२३ मध्ये वित्त खात्याच्या दोन सचिवांना ताब्यात घ्यायला लावले. सर्वोच्च न्यायालयाने हे रद्द केले. कायदेशीर उपाय वापरणे म्हणजे अवमान नव्हे, हे त्याचे म्हणणे निर्विवाद आहे. पण सोबत एक कार्यपद्धतीही आली : अधिकाऱ्याला प्रत्यक्ष हजर राहण्याचा आदेश अपवादानेच द्यावा, आधी दूरदृश्य प्रणालीचा विचार करावा, पुरेशी पूर्वसूचना द्यावी, पोशाखावर शेरे मारू नयेत. अधिकाऱ्याचा मान जपणे योग्यच. मात्र निवृत्तिवेतनाचा किंवा मोबदल्याचा आदेश हातात घेऊन थांबलेल्या अर्जदारासाठी याच तोडीची तातडी त्यात दिसत नाही. त्याच्यावर तर १९७१ च्या कायद्यातील कलम २० ची, अवमान कारवाई सुरू होण्यासाठीची एक वर्षाची मुदतही टांगलेली असते. शिवाय अपील दाखल झाले एवढ्याने स्थगिती मिळत नाही, हे कायद्यात स्पष्ट असूनही 'अपील प्रलंबित आहे' हेच उत्तर त्याला ऐकावे लागते.

गेल्या काही काळात भर पुन्हा वैयक्तिक जबाबदारीवर आला आहे. नोव्हेंबर २०२४ मध्ये बांधकामे पाडण्याबाबतच्या सर्वोच्च न्यायालयाच्या निर्देशांत, उल्लंघन झाल्यास पाडलेली मालमत्ता पूर्ववत करण्याचा खर्च संबंधित अधिकाऱ्याकडून वसूल होईल, असे सांगितले गेले. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात आंध्र प्रदेशातील एका उपजिल्हाधिकाऱ्याचे प्रकरण निकाली निघाले. तहसीलदार असताना त्यांनी उच्च न्यायालयाचा आदेश असूनही झोपड्या पाडल्या होत्या. उच्च न्यायालयाने दिलेल्या दोन महिन्यांच्या कैदेऐवजी त्यांना पुन्हा तहसीलदार पदावर उतरवण्यात आले आणि एक लाख रुपये दंड झाला. १९७१ च्या कायद्याच्या शिक्षेच्या कलमात पदावनतीचा उल्लेखच नाही.