बाळाचं डोकं एका बाजूनी चपटं दिसतंय? हेल्मेटची ऑर्डर द्यायच्या आधी हे वाचा

बाळ तीन-चार महिन्यांचं होतं, आंघोळ घालताना आजीच्या हाताला लागतं की मागून उजवीकडे डोकं जरा बसलंय, मग आई मोबाईलवर शोधत बसते आणि रात्री दोन वाजता आम्हाला व्हॉट्सअपवर फोटो येतो, खाली एकच ओळ, "हेल्मेट लागेल का?" त्यासाठी हे पत्रक. आमचं सेंटर पुण्यात आहे, छोटं आहे, आम्ही पट्टे, कॅलिपर, बूट आणि बाळांच्या डोक्याचा आकार सुधारायची हेल्मेट बनवतो. आमच्याच धंद्याला मारक असली तरी एक गोष्ट आधीच सांगून टाकतो, डोकं दाखवायला जी बाळं येतात त्यातल्या बहुतेकांना हेल्मेट लागत नाही. पण ज्यांना लागतं त्यांच्यासाठी वेळ फार महत्त्वाची असते, म्हणून नुसतं "होईल आपोआप" म्हणून बसू पण नका.

हे होतं कशानी

बाळाच्या कवटीची हाडं अजून जुळलेली नसतात, मधे सांधे असतात, समोर टाळू असते. आतला मेंदू जोरात वाढतो, जन्माला डोक्याचा घेर साधारण ३५ सेंटीमीटर असतो तो वर्षाला ४६ च्या आसपास जातो. अशा मऊ डोक्यानी बाळ रोज चौदा-पंधरा तास एकाच बाजूला टेकून झोपलं की ती बाजू दबते आणि वाढ दुसरीकडे सरकते, एवढंच. हाड मोडलेलं नसतं आणि कुणाचं काही चुकलेलं पण नसतं. हे मुद्दाम लिहितोय कारण सासूबाई सुनेला बोललेल्या असतात आणि सून आमच्यासमोर रडते.

१९९२ मधे अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेनी सांगितलं की बाळाला पालथं झोपवू नका, झोपेत अचानक दगावण्याचा धोका असतो, १९९४ पासून त्याची मोठी मोहीम झाली. त्यानी तिकडे बाळं दगावण्याचं प्रमाण निम्म्याहून खाली आलं, पण चपटी डोकी वाढली. आपल्याकडे बाळाला उताणं झोपवणं काही नवीन नाही. पण म्हणून कुणी ऐकीव सल्ल्यावर बाळाला रात्री पालथं किंवा कुशीवर झोपवू नका, झोप उताणीच, चपटं डोकं परवडलं.

कॅनडात कॅलगरीला ७ ते १२ आठवड्यांची ४४० बाळं तपासली तेव्हा ४६.६ टक्के बाळांत थोडंफार चपटेपण निघालं, त्यातलं बहुतेक सौम्य. न्यूझीलंडला २०० बाळांवर दोन वर्षं लक्ष ठेवलं, चार महिन्यांना १९.७ टक्के बाळांत होतं आणि दोन वर्षांची झाल्यावर ३.३ टक्क्यांत उरलं. म्हणजे बाळ मान धरायला लागलं, पालथं पडायला, बसायला लागलं की डोक्यावरचा भार कमी होतो आणि बरंचसं भरून येतं.

जुळी बाळं, लवकर जन्मलेली आणि काचेच्या पेटीत राहिलेली बाळं, चिमटा किंवा व्हॅक्यूम लावून झालेली बाळं यांच्यात हे जास्त दिसतं. आणि सगळ्यात मोठं कारण जे घरच्यांच्या लक्षातच येत नाही ते म्हणजे मान. मानेच्या एका बाजूचा स्नायू आखडलेला असला की बाळ कायम एकाच बाजूला बघतं, घरच्यांना वाटतं त्याला खिडकी आवडते. तुम्ही खुळखुळा दुसऱ्या बाजूला नेऊन बघा, तिकडे मान पूर्ण वळत नसेल तर आधी फिजिओथेरपिस्टकडे जा, आमच्याकडे नंतर. मान मोकळी न करता हेल्मेट घालणं म्हणजे नळ चालू ठेवून फरशी पुसणं.

आधी घरी काय करायचं

बाळ जागं असताना, तुम्ही समोर असताना, पोटावर ठेवा. घरी आणल्यापासून सुरू केलं तरी चालतं, सुरुवातीला दिवसातून दोन-तीन वेळा तीन-तीन मिनिटं, सात आठवड्यांपर्यंत दिवसभरात मिळून पंधरा ते तीस मिनिटं. बाळ कुरकुरतं, हे सगळ्यांचंच होतं, मग बाबांच्या छातीवर ठेवा, मांडीवर आडवं ठेवा, तेही धरलं जातं.

पाळण्यात डोकं ठेवायची बाजू रोज बदला. बाळ उजेडाकडे किंवा तुमच्याकडे वळतं, त्यामुळे चपटी बाजू आपोआप वर येते. बाटलीनी दूध देत असाल तर एकदा डाव्या हातावर, एकदा उजव्या हातावर घ्या. कारसीट आणि बाउन्सरमधे बाळाला तासन्‌तास ठेवू नका. साडीची झोळी पण त्यातच आली, बाळ लगेच शांत होतं हे खरं आहे, पण डोकं एकाच ठिकाणी रुतून राहतं.

आता राईची उशी. ही बाळंतविड्यात येतेच, आणि ती नको म्हटलं की घरात वातावरण तापतं, आम्हाला माहीत आहे. पण झोपलेल्या बाळाखाली कुठलीच उशी नको, राईची नाही, फोमची नाही, ऑनलाइन मिळते ती मधे भोक असलेली पण नाही. अमेरिकेच्या एफडीएनी (औषधं आणि वैद्यकीय वस्तूंवर देखरेख करणारी सरकारी संस्था) नोव्हेंबर २०२२ मधे डोकं गोल करायच्या उशांबद्दल सरळ इशारा दिला, की गुदमरण्याचा धोका आहे, वापरू नका. आणि मालिशवाल्या मावशींना सांगा की अंग हवं तसं चोळा पण डोकं दाबून गोल करू नका. आजी म्हणतील "आमच्या वेळी अशीच बसवायचो सगळ्यांची डोकी", त्यांच्याशी वाद घालू नका, त्या डोक्यांतली बहुतेक वयानीच गोल झाली असणार, पण क्रेडिट मावशींना गेलं.

दर आठवड्याला वरून एक फोटो काढा, केस ओले करून, बाळ मांडीवर बसवून, नाक सरळ समोर. महिनाभराचे फोटो शेजारी ठेवले की सुधारतंय का ते तुम्हालाच कळेल आणि आम्हाला रात्री दोनला मेसेज करावा लागणार नाही.

हे दिसलं तर मात्र थांबू नका

दाबानी चपटं झालेलं डोकं वरून पाहिलं तर तिरक्या झालेल्या खिडकीच्या चौकटीसारखं दिसतं, म्हणजे मागून उजवीकडे चपटं असेल तर उजवा कान पुढे सरकलेला असतो आणि कपाळ पण उजवीकडेच जरा पुढे आलेलं असतं. पण कान पुढे न जाता मागे आणि खाली ओढलेला असेल, सांध्यावर हाडाची कडक धार हाताला लागत असेल, टाळू फार लवकर बुजली असेल, किंवा जन्मापासूनच आकार वेगळा असून वाढतच चालला असेल तर कवटीचा सांधा वेळेआधी जुळलेला असू शकतो. साधारण दोन-अडीच हजारांत एका बाळाला हे असतं, त्याला ऑपरेशन लागतं, आणि दुर्बिणीचं छोटं ऑपरेशन करायचं तर ते शक्यतो पहिल्या तीन-चार महिन्यांत करावं लागतं. ही बाळं थेट बालरोगतज्ज्ञांकडे आणि तिथून मुलांच्या न्यूरोसर्जनकडे. म्हणूनच बालरोगतज्ज्ञांची चिठ्ठी नसेल तर आम्ही हेल्मेटचं माप घेतच नाही, मग तुम्ही कितीही लांबून आला असाल.

हेल्मेट नक्की करतं काय

ते डोकं दाबत नाही, हा सगळ्यांचा गैरसमज. जी बाजू पुढे आलीय तिथे ते नुसतं टेकतं आणि चपट्या बाजूला आत पोकळी ठेवलेली असते, डोकं वाढेल तसं मोकळ्या जागेत भरत जातं. म्हणजे काम वाढ करते, हेल्मेट फक्त वाट दाखवतं. त्यामुळेच वय इतकं महत्त्वाचं. घेर पहिले तीन महिने महिन्याला २ सेंटीमीटरनी वाढतो, सहा महिन्यांपर्यंत १ नी, पुढे अर्ध्यानी. चार ते सहा महिन्यांत सुरू केलं तर तीन-चार महिन्यांत काम होतं, वर्षाच्या बाळाला घातलं तर फरक फार थोडा आणि त्रास तेवढाच.

माप पूर्वी प्लास्टरनी घ्यायचो, बाळ आणि आई दोघं रडायची. आता स्कॅनर आहे, काही सेकंदांत होतं. डोक्याच्या दोन तिरक्या लांबी, म्हणजे कपाळाच्या एका बाजूपासून मागच्या विरुद्ध बाजूपर्यंत, यांच्यामधला फरक आम्ही टक्क्यात काढतो, ३.५ च्या खाली असेल तर नॉर्मल, ६.२५ पर्यंत सौम्य, तिथून ८.७५ पर्यंत मध्यम, त्यावर जास्त. ही पट्टी अटलांटाच्या मुलांच्या हॉस्पिटलची आहे. सौम्यला आम्ही नाही म्हणतो. मध्यमला दोन महिने घरचे उपाय आणि फिजिओ करून परत माप घेतो. बाळ आधीच सहा महिन्यांचं असेल तर तेवढं थांबत नाही, बसून बोलतो.

खरंच उपयोग होतो का, हे विचारायलाच हवं. नेदरलँड्समधे ८४ बाळांवर एक नीट चाचणी झाली, २०१४ मधे छापून आली, निम्म्या बाळांना हेल्मेट आणि निम्म्यांना काहीच नाही. दोन वर्षांचं झाल्यावर पूर्ण बरी झालेली बाळं हेल्मेटवाल्यांत २६ टक्के आणि बिनहेल्मेटवाल्यांत २३ टक्के, म्हणजे फरक नाहीच म्हणा. पण त्यात एकदम जास्त चपटेपण असलेली आणि मान आखडलेली बाळं घेतलेली नव्हती. उलट शिकागोमधे ४,३७८ बाळांच्या नोंदी पाहिल्या, त्यात नुसत्या कड बदलणं आणि फिजिओवर ७७ टक्के पूर्ण सुधारली आणि आधीपासून हेल्मेट घातलेली ९४ टक्के, पण कुणाला हेल्मेट द्यायचं ते चिठ्ठ्या टाकून ठरवलेली ती चाचणी नव्हती. अमेरिकेतल्या न्यूरोसर्जनांनी २०१६ मधे सल्ला दिला तो आम्हाला पटतो, आधी स्थिती बदला, फिजिओ करा, त्यानंतरही मध्यम किंवा जास्त राहिलं तर हेल्मेट. इंग्लंडात सरकारी सेवा ते सहसा देतच नाही. तर कुणी तुम्हाला "हेल्मेट नाही घातलं तर मेंदूवर परिणाम होईल" म्हणून घाबरवत असेल तर तिथून उठा. चपट्या डोक्यानी मेंदू दाबला जात नाही, प्रश्न दिसण्याचा आहे, क्वचित पुढे चष्मा नीट न बसण्याचा.

घालायचं ठरलं तर

दिवसाला २३ तास, एक तास आंघोळ आणि सफाईला. पहिल्या दिवशी एक तास घाला एक तास काढा, असं वाढवत आठवड्यात पूर्ण वेळावर या. काढल्यावर लाल दिसणारच, पण तासाभरात गेलं नाही तर परत घालू नका, फोन करा. ताप आला तर काढून ठेवा. आतून रोज स्पिरिटनी पुसायचं आणि पूर्ण वाळू द्यायचं. त्या डच चाचणीत जवळजवळ सगळ्या बाळांना त्वचेचा काहीतरी त्रास झाला होता, ९६ टक्के, आणि वास येतो अशी तक्रार ७६ टक्क्यांची, आणि तो देश थंड! सोलापूर-नगरकडच्या आयांना आम्ही स्पष्ट सांगतो, एप्रिल-मेमधे पहिले दहा दिवस कठीण जातील, बाळाला हलके कपडे, पंखा, आणि आतून दिवसातून दोनदा तरी पुसायचं.

डोक्याला तेल बंद. टाळू भरणं पण बंद, हे सगळ्यात अवघड जातं, पण तेलानी आतला फोम खराब होतो आणि घामोळं वाढतं. पावडर नाही, आतून टोपडं नाही. जावळ काढायचं असेल तर मापाच्या आधी काढा, मधेच काढलं तर हेल्मेट सैल होतं. कान नुकतेच टोचले असतील तर आम्हाला सांगा, कडा तिथून कापून देतो.

दर दोन-तीन आठवड्यांनी यावं लागतं, आतला फोम आम्ही घासून जागा वाढवतो, त्याचे वेगळे पैसे नाहीत. कुठेही गेलात तरी हे आधी विचारा, पुढच्या व्हिजिट पैशात धरल्यात का, आणि बनवणाऱ्याचं आरसीआय (भारतीय पुनर्वास परिषद) रजिस्ट्रेशन आहे का. खर्च लेखी मागा.

यायच्या आधी फोन करून वेळ घ्या. बाळाचं दूध अर्धा तास आधी झालेलं असू द्या, चिठ्ठी आणि जुने फोटो आणा, आणि जमलं तर आजींना पण घेऊन या, तेलाचं आम्हीच त्यांना सांगू.