छत्रीतले गाणे कोणाचे आणि चांदण्यातले कोणाचे?

संगीतकार शंकर-जयकिशन यांची दोन युगुलगीते अशी आहेत की जुन्या गाण्यांचे जाणकार म्हणवणारेही ती बोलण्याच्या ओघात एकमेकांच्या जागी ठेवून मोकळे होतात. एक ‘श्री ४२०’मधले ‘प्यार हुआ इकरार हुआ’ आणि दुसरे ‘चोरी चोरी’मधले ‘आजा सनम मधुर चांदनी में हम’. पहिला चित्रपट १९५५चा आणि दुसरा १९५६चा. दोन्ही गाण्यांत लता मंगेशकर आणि मन्ना डे यांचे आवाज आहेत, पडद्यावर राज कपूर आणि नर्गिस आहेत, आणि दोन्ही प्रसंग रात्रीचे आहेत. गाण्यांची अदलाबदल झाली की त्यामागोमाग गीतकारांचीही होते, आणि ही दुसरी चूक अधिक गंभीर आहे, कारण ती सहसा कोणी दुरुस्त करत नाही. छत्रीतले गाणे शैलेंद्र यांचे आहे आणि चांदण्यातले हसरत जयपुरी यांचे.

या घोटाळ्याला श्रोत्यांचा निष्काळजीपणा एवढेच कारण नाही. १९४९च्या ‘बरसात’पासून शंकर, जयकिशन, शैलेंद्र आणि हसरत ही चौकडी एकत्र काम करत होती आणि त्यांच्या बहुतेक चित्रपटांच्या श्रेयनामावलीत दोन्ही गीतकारांची नावे एकाच पाटीवर शेजारी शेजारी येत. कोणते गाणे कोणाचे, हे प्रेक्षकाला त्या पाटीवरून कळण्याची सोय नव्हती. त्यात ‘चोरी चोरी’मध्ये आणखी एक चकवा आहे. याच चित्रपटात, याच दोन आवाजांत ‘ये रात भीगी भीगी’ हे गाणे आहे आणि ते शैलेंद्र यांचे आहे, तर ‘भीगी भीगी रात में’ हे शब्द हसरत यांच्या ‘आजा सनम’च्या अंतऱ्यात येतात. म्हणजे एका गीतकाराच्या गाण्याचे जणू शीर्षकच दुसऱ्याच्या गाण्याच्या पोटात सापडते. ज्याला ओळी अर्धवट आठवतात त्याने इथे चूक केली नाही तरच नवल.

‘प्यार हुआ इकरार हुआ’ची गोष्ट आधी सांगतो, कारण तिच्यात सांगण्यासारखे जास्त आहे. ख्वाजा अहमद अब्बास आणि व्ही. पी. साठे यांच्या कथेवरचा ‘श्री ४२०’ हा मुंबईत नशीब काढायला आलेल्या एका सुशिक्षित बेकाराचा चित्रपट. राज आणि विद्या पावसात एका छत्रीखाली येतात, प्रेमाची कबुली देऊन झालेली असते, आणि आता पुढे काय, या भीतीपाशी गाणे सुरू होते. हिंदी चित्रपटांतली बहुतेक प्रेमगीते कबुलीपर्यंत पोचण्यासाठी लिहिली जातात, तर हे गाणे कबुलीनंतरच्या धास्तीचे आहे. मुखड्याच्या पहिल्याच ओळीत प्रेम जमल्याचे जाहीर होते आणि लगेच प्रश्न येतो, की मग मन घाबरते कशाला? उत्तरही तिथेच आहे: रस्ता अवघड आहे आणि मुक्काम कुठे ते ठाऊक नाही. ज्या दोघांच्या खिशात पैसे नाहीत आणि ज्यांतला एक लवकरच पैशाच्या मोहात घसरणार आहे, त्यांच्या तोंडी हे शब्द चित्रपटाचे कथासूत्रच पुढे नेतात.

या गाण्याविषयीचा एक किस्सा वारंवार सांगितला जातो. अंतऱ्यातल्या ‘दसों दिशाओं’ या शब्दांना जयकिशन यांनी हरकत घेतली. सामान्य माणसाला चार दिशा माहीत असतात, दहा कोणाला कळणार, असे त्यांचे म्हणणे होते. श्रोत्यांच्या आवडीच्या नावाखाली उथळ लिहिण्यापेक्षा ती आवड घडवणे हे कलावंताचे काम आहे, या भूमिकेवर शैलेंद्र अडून राहिले, आणि शब्द जसेच्या तसे राहिले. हा किस्सा मला पटतो तो एका साध्या कारणासाठी: जिथे अडखळायचे तिथे श्रोते अडखळलेच नाहीत. दहा दिशांचा हिशेब न करताही ती ओळ लोकांनी सत्तर वर्षे गुणगुणली आहे.

त्याच अंतऱ्याच्या शेवटी, आपण दोघे उरणार नाही पण खुणा उरतील, अशा अर्थाची ओळ लताबाईंच्या आवाजात येते आणि पडद्यावर रेनकोट घातलेली तीन मुले हात धरून पावसातून चालत जातात. ती राज कपूर यांचीच मुले, रणधीर, ऋतू आणि ऋषी. ऋषी तेव्हा जेमतेम दोन-तीन वर्षांचे होते, आणि पाण्याच्या धारांखाली नीट चालावे म्हणून नर्गिस यांनी आपल्याला चॉकलेटचे आमिष दाखवले होते, ही आठवण ते पुढे सांगत असत. प्रेमगीताच्या मध्यावर मरणाचा उल्लेख आणि त्याच क्षणी पुढची पिढी दाखवणे, हे दिग्दर्शक म्हणून राज कपूर यांचे श्रेय आहे, पण तशी जागा शब्दांनी करून दिली म्हणून ते शक्य झाले.

‘चोरी चोरी’चा पिंड अगदी निराळा. मद्रासच्या ए.व्ही.एम. या संस्थेचा हा चित्रपट अनंत ठाकूर यांनी दिग्दर्शित केला होता आणि त्याची कथा १९३४च्या एका गाजलेल्या अमेरिकी विनोदी चित्रपटावर बेतली होती. श्रीमंत बापाची घरातून पळालेली मुलगी आणि तिच्या गोष्टीवर डोळा ठेवणारा पत्रकार, असा हा हलकाफुलका प्रवास आहे. राज-नर्गिस यांनी नायक-नायिका म्हणून एकत्र केलेला हा शेवटचा चित्रपट. तोवर राज कपूर यांचा आवाज म्हटला की मुकेश, हे समीकरण पक्के झालेले असल्यामुळे निर्माते ए. व्ही. मेय्यप्पन यांना मन्ना डे यांची निवड पसंत नव्हती. ‘ये रात भीगी भीगी’च्या ध्वनिमुद्रणाच्या वेळी तो वाद पेटला आणि राज कपूर व शंकर यांनी मन्ना डे यांची बाजू लावून धरली, असे मन्ना डे यांनी नंतर अनेकदा सांगितले. ‘आजा सनम’ही मग त्यांच्याच गळ्यातून आले.

आता दोन्ही गाणी एकाच वेळी कानासमोर धरली तर एक गमतीची गोष्ट लक्षात येते. ‘कहता है दिल’ हे शब्द दोन्ही मुखड्यांत आहेत. शैलेंद्र यांच्या गाण्यात मन सांगते की वाट कठीण आहे. हसरत यांच्या गाण्यात मन हट्ट करते की इथे करमत नाही, मला ताऱ्यांच्या पलीकडे घेऊन चल. पुढेही हेच. छत्रीतल्या जोडीला एकमेकांकडून वचन हवे आहे, सोबत बदलणार नाही याची हमी हवी आहे, आणि प्रेम तुटले तर चंद्र उगवणार नाही अशी जवळजवळ शपथ ती घेते. चांदण्यातल्या जोडीला हमीबिमी काही नको. तिच्यासाठी चंद्र स्वतःच बहकलेला आहे, तो प्रेम करा म्हणून सांगतो आहे, त्याची पालखी सजायची आहे आणि नवरीसारखे नटलेले आकाश खाली जमिनीवर आणायचे आहे. चंद्र दोन्हीकडे आहे, पण एकीकडे तो साक्षीदार आहे आणि दुसरीकडे वऱ्हाडी.

हा फरक गीतकारांच्या स्वभावाचा, की प्रसंगाचा? माझ्या मते दोन्हींचा, पण प्रसंगाचा वाटा लोक समजतात त्याहून मोठा आहे. शंकर-जयकिशन यांच्याकडे बहुधा आधी चाल तयार होई आणि शब्द नंतर बसवले जात. त्यामुळे गीतकाराच्या हाती प्रसंग, चाल आणि तिच्या मात्रा, एवढेच येत असे. तरीही माणूस आपले काहीतरी त्यात ओततोच, म्हणून दोघांची पार्श्वभूमी थोडक्यात पाहिली पाहिजे.

शैलेंद्र यांचे पूर्ण नाव शंकरदास केसरीलाल. जन्म १९२३चा, रावळपिंडीचा. लहानपण मथुरेत गेले आणि नोकरी रेल्वेत लागली, ती त्यांना मुंबईच्या माटुंगा वर्कशॉपपर्यंत घेऊन आली. ‘इप्टा’ या डाव्या विचारांच्या नाट्यसंघटनेच्या कार्यक्रमात त्यांनी म्हटलेली ‘जलता है पंजाब’ ही फाळणीवरची कविता राज कपूर यांनी ऐकली आणि ती आपल्या ‘आग’ या चित्रपटासाठी मागितली. शैलेंद्र यांनी नकार दिला, कारण कविता विकायची त्यांची तयारी नव्हती. पुढे घरात पैशांची निकड निर्माण झाली तेव्हा तेच राज कपूर यांच्याकडे गेले आणि ‘बरसात’साठी पाचशे रुपयांत दोन गाणी लिहिली. हसरत यांचे मूळ नाव इक्बाल हुसेन. जन्म जयपूरचा, १९२२चा. उर्दू-फारसीचे धडे त्यांना आजोबा फिदा हुसेन ‘फिदा’ यांच्याकडून मिळाले. १९४०मध्ये ते मुंबईत आले, महिना अकरा रुपयांवर बस कंडक्टरची नोकरी केली आणि मुशायऱ्यांत शेर म्हणत राहिले. तिथे पृथ्वीराज कपूर यांनी त्यांना ऐकले आणि मुलाकडे शिफारस केली. ‘जिया बेकरार है’ हे त्यांचे ‘बरसात’मधले गाणे.

एक कामगार आणि एक कंडक्टर, एक चळवळीच्या कवितेतून आलेला आणि एक मुशायऱ्यातून. यावरूनच बहुधा तो सोयीचा नियम तयार झाला असावा, की गाणे चिंतनाचे असेल तर शैलेंद्र आणि प्रेमाचे असेल तर हसरत, शब्द बोलीतले किंवा संस्कृत वळणाचे असतील तर शैलेंद्र आणि उर्दू असतील तर हसरत. हा नियम वापरला की हमखास फसायला होते. खुद्द ‘श्री ४२०’मध्येच पाहा. ‘मेरा जूता है जापानी’ आणि ‘दिल का हाल सुने दिलवाला’ शैलेंद्र यांची, इथवर ठीक. पण त्या चित्रपटातले सर्वांत गाजलेले प्रेमगीत शैलेंद्र यांचेच आहे, आणि लहान मुलांना कोडी घालणारे ‘इचक दाना बिचक दाना’ हसरत यांचे, ज्यात प्रेमाची शायरी शोधूनच काढावी लागेल. भाषेच्या निकषाचीही तीच गत आहे. ‘आजा सनम’च्या मुखड्यात सनमच्या शेजारीच ‘मधुर’ येऊन बसला आहे, आणि शैलेंद्र यांना पहिले फिल्मफेअर पारितोषिक मिळवून देणारे ‘यहुदी’मधले ‘ये मेरा दीवानापन है’ थेट उर्दू गझलेच्या वळणाचे आहे.

मग ओळखायचे कशावरून? खात्रीचा मार्ग एकच, तो म्हणजे त्या विशिष्ट गाण्यापुढची नोंद पाहणे. मात्र कान तयार करायचा असेल तर विषय आणि शब्दसंग्रह बाजूला ठेवून गीतकार पुन्हा पुन्हा ज्या कल्पनेकडे वळतो तिच्याकडे लक्ष द्यावे. ‘आजा सनम’च्या अंतऱ्यात, आयुष्य हा प्रवास आहे आणि उद्या कुठे असू कोण जाणे, अशी एक ओळ जाता जाता येते. पंधरा वर्षांनी, १९७१च्या ‘अंदाज’मध्ये, हसरत यांनी तीच कल्पना उचलून तिचा मुखडा केला: ‘जिंदगी एक सफर है सुहाना’. त्या गाण्याने त्यांना दुसऱ्यांदा फिल्मफेअर मिळवून दिले, पहिले ‘सूरज’मधल्या ‘बहारों फूल बरसाओ’साठी होते. प्रवासाची प्रतिमा शैलेंद्र यांच्याकडेही भरपूर आहे, पण त्यांच्या प्रवाशाला मुक्कामाची चिंता असते, आणि हसरत यांचा प्रवासी उद्याचे उद्या म्हणून आज गाऊन घेतो. ‘प्यार हुआ’ आणि ‘आजा सनम’ यांच्यातला फरक मला तरी याच जागी सर्वांत स्पष्ट दिसतो. अर्थात हा कौलही प्रत्येक वेळी बरोबर लागेल असे नाही. ‘ये रात भीगी भीगी’ केवळ ऐकून ते शैलेंद्र यांचे आहे हे छातीठोकपणे सांगणारा मला अजून भेटलेला नाही.

सर्वांत मोठी फसगत मात्र ‘तीसरी कसम’मध्ये होते. फणीश्वरनाथ रेणू यांच्या कथेवरचा हा १९६६चा चित्रपट शैलेंद्र यांनी स्वतः निर्माण केला होता. त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले, पण तिकीटबारीवर तो पडला, कर्जाचा डोंगर झाला आणि १४ डिसेंबर १९६६ रोजी, राज कपूर यांच्या वाढदिवशीच, शैलेंद्र गेले. ‘सजन रे झूठ मत बोलो’ हे त्यातले गाणे त्यांचे आहे, आणि त्याच्याच पंक्तीला बसणारे, निर्मात्या परमेश्वरालाच जाब विचारणारे ‘दुनिया बनानेवाले, क्या तेरे मन में समाई’ हे हसरत जयपुरी यांचे. आपल्याच चित्रपटातले इतके चिंतनशील गाणे शैलेंद्र यांनी हसरत यांना लिहू दिले, आणि आज ते सर्रास शैलेंद्र यांच्या नावावर सांगितले जाते.